वॅगनआर (२०११): डावा ब्रेक लाइट घरी बदलायचा आहे, पण लक्षणं जरा विचित्र आहेत

वाशिष्ठीकाठ (चिपळूण)

नमस्कार. गाडी मारुती वॅगनआर एलएक्सआय, २०११ ची, पेट्रोल. चालवते मीच. रोज चिपळूण ते अलोरे शाळेसाठी, आणि अधूनमधून कुंभार्ली घाट चढून कराडला माहेरी.

परवा शाळेतले एक सर माझ्या मागून येत होते. त्यांनी सांगितलं की माझा डावा ब्रेक लाइट लागत नाही. आमच्या गाडीला मागच्या काचेवरचा तिसरा ब्रेक लाइट नाही, म्हणजे सगळी भिस्त उजव्यावर. पाऊस सुरू झालाय, घाटात धुकं उतरायला लागलंय, त्यामुळे हे असंच ठेवायचं नाहीये.

इथल्या एका गॅरेजात नेली. त्यांनी दिवा न उघडताच सांगितलं, "पुराची गाडी ना? पूर्ण लाइट बदला, वायरिंगपण काढून बघावं लागेल." आकडा ऐकला आणि चावी परत मागितली.

पुराची गाडी आहे हे खरं. २२ जुलै २०२१ ला घरासमोर उभी होती, पाणी सीटच्या वर गेलं होतं. इंजिन, सीटा, कार्पेट, सगळं तेव्हा विम्यातून करून घेतलं. मागचे दिवे मात्र कोणी उघडल्याचं आठवत नाही, कारण ते लागत होते.

तर दिवा बाहेर कसा काढायचा आणि दुकानात नेमका कोणता बल्ब मागायचा, एवढं कोणी सांगेल का?

अजून एक. याचा संबंध आहे की नाही माहीत नाही. ब्रेक दाबला की मीटरवरचा डावा हिरवा बाण मिणमिणता लागतो. लुकलुकत नाही, नुसता मंद पेटून राहतो. आणि रात्री लेकीला गाडीमागे उभं केलं तर ती म्हणाली, "लाइट चालू असताना डावीकडचा लाल दिवा नीट दिसतो, पण तू ब्रेक दाबलास की तो उलट कमी होतो." उजवा मात्र व्यवस्थित झगझगतो.

घरात फुलीचा स्क्रू ड्रायव्हर, पान्यांचा छोटा सेट आणि मल्टिमीटर आहे. मल्टिमीटर नवऱ्याचा, आणि नवरा सध्या बोटीवर. मी मराठी शिकवते, विज्ञान नाही, तेव्हा जरा बेतानं सांगा.

---

डिझेलप्रेमी (पुणे)

एकदम सोपं काम आहे मॅडम. डिकी उघडा, दिव्याच्या आतल्या कडेला दोन स्क्रू दिसतील, ते काढा. मग दिवा सरळ मागे ओढायचा, बाहेरच्या बाजूला तो खुंट्यांवर बसवलेला असतो. मागून होल्डर पाव फेरा डावीकडे फिरवला की बाहेर येतो. बल्ब आत दाबून डावीकडे फिरवायचा, निघाला. नवा तसाच उलट क्रमाने.

बल्ब १२ व्होल्ट, २१/५ वॉट, दोन तारांचा, म्हणजे एकाच काचेत ब्रेकची २१ वॉटची आणि पार्किंगची ५ वॉटची. पण खरं सांगू का, साधा बल्ब घेऊच नका. ऑनलाइन लाल एलईडीची जोडी मागवा, कटकट मिटेल. माझ्या स्विफ्टला टाकलेत, रात्री झकास दिसतात.

---

निवृत्त_वायरमन (सातारा)

ताई, थांबा. बल्ब आणायला निघू नका.

तुम्ही शेवटी "संबंध आहे की नाही माहीत नाही" म्हणून जे लिहिलंत, तोच सगळा आजार आहे. नुसती बल्बची तार तुटली असती तर ब्रेक लाइट लागला नसता, बस. बाणाला मिणमिणायचं कारण नव्हतं आणि पार्किंगचा लाल दिवा ब्रेक दाबल्यावर मंद पडला नसता. तुमच्या डाव्या दिव्याची अर्थ, म्हणजे करंट गाडीच्या पत्र्यात परत जायची वाट, गेली आहे. गाडी न बघता सांगतोय, पण ही तिन्ही लक्षणं एकत्र आली की मी दुसरीकडे बघत नाही.

कसं ते सांगतो. मागच्या एका दिव्यात ब्रेक-पार्किंगचा, इंडिकेटरचा असे सगळे बल्ब शेजारी शेजारी बसलेले असतात. करंट आणणारी वायर प्रत्येकाची वेगळी. पण परत जायची वाट सगळ्यांची मिळून एकच, बहुधा काळी वायर, पुढे जाऊन पत्र्याला बोल्टने आवळलेली. ती वाट बंद पडली की करंट थांबत नाही. एसटीचं दार अडकलं की लोक खिडकीतून उतरतात, तसा तो शेजारच्या बल्बातून निघतो. तुम्ही ब्रेक दाबला की करंट ब्रेकच्या तारेतून येतो, खाली वाट नाही म्हणून मागच्या इंडिकेटरच्या बल्बात उलटा शिरतो, त्याच्या वायरने पुढच्या इंडिकेटरपर्यंत जातो आणि तिथल्या चांगल्या अर्थमधून पत्र्यात उतरतो. मीटरमधला बाण त्याच वायरवर आहे. एका बल्बाचे बारा व्होल्ट तीन बल्बांत वाटले गेले, म्हणून एकही धड पेटत नाही. आज रात्री लेकीला विचारा, ब्रेक दाबल्यावर डावे इंडिकेटर, पुढचा आणि मागचा, आत किंचित तांबूस दिसतात का.

पार्किंगचं कोडं याहून मजेचं आहे. ब्रेक दाबलेला नसतो तेव्हा पार्किंगची पाच वॉटची तार आपली अर्थ ब्रेकच्या मोकळ्या वायरीतून शोधते आणि पार उजव्या दिव्यात जाऊन उतरते. एकवीस वॉटची तार थंड असताना तिचा विरोध एक ओहमसुद्धा भरत नाही, पाच वॉटच्या तारेला ती साध्या वायरीसारखीच. म्हणून डावा पार्किंग तुम्हाला नीट दिसतो आणि कोणाला शंका येत नाही. ब्रेक दाबलात की त्याच वायरीत बारा व्होल्ट येतात, वाट बुजते आणि दिवा मंद पडतो. लेकीने बरोबर पाहिलं. गॅरेजवाल्याने तेवढंही पाहिलं नाही.

आता काम. गाडी सपाटीवर, न्यूट्रलमध्ये, हँडब्रेक ओढलेला, सगळे दिवे बंद. वरच्या भावाने स्क्रूचं सांगितलं ते बरोबर, पण पंधरा वर्षांच्या गाडीत प्लॅस्टिक कडक झालेलं असतं. स्क्रू काढायच्या आधी खाली बंपरच्या फटीत फडकं कोंबा, नाहीतर स्क्रू आत पडला की बंपर काढायची वेळ. दिवा ओढताना दोन्ही हातांनी, सरळ मागे. तिरका ओढलात तर खुंटी तुटते. स्क्रू ड्रायव्हर घालून उचकटायचं नाही, रंग जातो आणि तिथूनच गंज धरतो. सुटल्यावर दिवा वायरींवर लोंबकळत ठेवू नका, डिकीत गोधडी घालून तिच्यावर टेकवा.

दोन तारांचा बल्ब ज्या होल्डरात आहे तो बाहेर काढा. बल्बाच्या बुडाला शिशाच्या दोन टिकल्या असतात. त्यांना खालून टेकणाऱ्या दोन पट्ट्या करंटच्या, एक ब्रेकची, एक पार्किंगची. बल्बाच्या पितळी अंगाला बाजूने टेकते ती अर्थची. आपल्याला ती हवी. माझा अंदाज, हिरवट बुरशीसारखं काहीतरी चढलेलं असेल आणि खाली पुराचा गाळ वाळून बसलेला असेल.

खात्री करायला एक प्रयोग. हातभर वायर घ्या, दोन्ही टोकं सोला. बल्ब होल्डरात बसवा, कनेक्टर जोडलेला राहू द्या. एक टोक डिकीच्या कुलपाच्या उघड्या लोखंडाला किंवा पत्र्यावरच्या एखाद्या स्वच्छ बोल्टला दाबून धरा, दुसरं टोक त्या अर्थच्या पट्टीला. लेकीला म्हणावं ब्रेक दाब. दिवा भक्कन लागला तर निदान पक्कं. टोक बुडाच्या पट्ट्यांना लागू देऊ नका, ब्रेक दाबलेला असताना लागलं तर फ्यूज जाईल. मल्टिमीटर वापरायचाच असेल तर डीसीच्या २० च्या घरावर ठेवा, काळी सुई लोखंडाला, लाल सुई अर्थच्या पट्टीला, आणि ब्रेक दाबायला सांगा. चांगली अर्थ असेल तर आकडा शून्याला चिकटलेला राहतो. तुमच्याकडे पाच-सात व्होल्ट दिसले तर मला नवल वाटणार नाही.

मग सफाई. ब्रशने गाळ झाडा, हार्डवेअरच्या दुकानातला कॉन्टॅक्ट क्लीनर मारा, बारीक पॉलिश पेपरची पट्टी करून अर्थची पट्टी आणि बल्बाचं पितळ दोन्ही चकाकेपर्यंत घासा. पट्टी बसकी झाली असेल तर नाकाच्या पक्कडीने जराशी आत वाकवा, बल्बाला दाबून टेकली पाहिजे. कनेक्टरच्या पिनाही बघा, तिथे पाणी आधी जातं. सगळं कोरडं झालं की पेट्रोलियम जेलीचा पातळ हात फिरवा. थापू नका.

बल्बाबद्दल. एवढं उघडलंच आहे तर नवा टाका, चाळीस-पन्नास रुपयांची वस्तू आहे. जुना काढून उजेडात धरा. काच काळवंडली असेल तर म्हातारा झालाय, आत पांढरी राख दिसली तर काचेत हवा शिरली. दुकानात मात्र डोळे उघडे ठेवा, सारख्याच बुडाचे तीन बल्ब मिळतात. २४ व्होल्ट २१/५ हा ट्रक-बसचा. आमच्या कार्यशाळेत सगळं २४ चंच, तो तुमच्या गाडीत बसेल पण काजव्यासारखा लागेल. हायवेच्या दुकानात हाच आधी हातात पडतो. दुसरा १२ व्होल्ट १०/५, काही मोटरसायकलींचा, त्याचा ब्रेक निम्मा उजेड देतो. तुम्हाला १२ व्होल्ट २१/५. बुडावर कोरलेलं असतं, चष्मा लावून वाचा. दुकानदाराच्या तोंडावर जाऊ नका.

या बल्बाच्या दोन कानपिना एका उंचीवर नसतात, एक वर एक खाली. मुद्दाम तसं केलेलं आहे, उलटा बसू नये म्हणून. बसत नसेल तर अर्धा फेरा फिरवून बघा, जोर करू नका. ढिल्या होल्डरात लोक उलटा ठोकतात, मग पार्किंग भगभगतो आणि ब्रेक मिणमिणतो, मागच्याला सदा ब्रेक लावल्यासारखंच दिसतं. काचेला हात लागला तर घाबरू नका. बोट लावू नये हा नियम हेडलाइटच्या हॅलोजनचा. हा साधा बल्ब आहे, फडक्याने पुसा आणि बसवा.

एलईडीचं म्हणाल तर मी घालणार नाही. दिव्यामागचा आरसा तारेच्या जागेचा हिशोब धरून बनवलेला असतो. एलईडीचा उजेड दुसऱ्याच ठिकाणाहून निघतो, जवळून झकास दिसतो आणि पन्नास पावलांवरून तुकड्यातुकड्यात. आणि पाच आणि एकवीस यातला जो फरक आहे, त्यावरच मागच्या माणसाला कळतं की तुम्ही आता ब्रेक दाबला. स्वस्त जोड्यांत तो फरकच नीट नसतो. शिवाय अर्थ गेलेली असताना एलईडी टाकलात तर तो नाटकं आणखी करेल, दुरुस्त काहीच होणार नाही.

---

डिझेलप्रेमी (पुणे)

काका, चांगल्या कंपनीच्या एलईडीत फरक स्पष्ट असतो हो. पण अर्थचं निदान पटलं, बाणाची ओळ मी वाचलीच नव्हती बहुतेक.

---

खाडीपल्याड (रत्नागिरी)

विषय निघालाच आहे तर माझं विचारतो. आमच्या जुन्या ह्युंदाईत उलटं झालंय. दोन्ही ब्रेक लाइट सतत चालू, चावी काढली तरी. सकाळी बॅटरी बसलेली. आता रात्री बॅटरीची वायर काढून ठेवतो, पण रोज तेच करायचा कंटाळा आला.

आणि वाशिष्ठीकाठ ताई, गाडी २०११ ची म्हणजे १५ वर्षं भरत आली असतील. आरसी नूतनीकरणाला अर्ज करताना फॉर्म २५ लागतो. मुदत संपायच्या आधी ६० दिवसांपासून अर्ज करता येतो, पुढे ५ वर्षांसाठी मिळतं. पीयूसी आणि विमा चालू हवा, पर्यावरण कर भरावा लागतो. गाडी दाखवायला नेली की निरीक्षक मागे उभे राहून ब्रेक दाबायला सांगतातच. दिवे, हॉर्न, वायपर आधी घरी बघून घ्या, परत फेरी पडत नाही.

---

निवृत्त_वायरमन (सातारा)

खाडीपल्याड, ब्रेक पेडलच्या दांड्यावर वरच्या अंगाला एक छोटा स्विच असतो. पाय काढला की दांडा वर येऊन स्विचचं बटण दाबतो आणि दिवा बंद होतो. दांड्याला जिथे बटण टेकतं तिथे रबराची किंवा प्लॅस्टिकची टिकली असते, ती उन्हाने आणि वयाने भुगा होऊन पडते. मग बटण भोकातून आरपार जातं आणि स्विचला वाटतं, तुम्ही दिवसरात्र पाय ठेवून बसला आहात. ड्रायव्हरच्या पायाखालची चटई उचला, टिकलीचे तुकडे सापडतील. स्पेअर पार्टच्या दुकानात मिळते, किंमत सांगितली तर हसाल. मिळेपर्यंत भोकात बसेल असा चपट्या डोक्याचा नटबोल्ट घट्ट बसवा, पण तात्पुरता. तिकडे काही करताना पेडल मोकळं हलतंय ना, हे दहादा बघा.

याच स्विचमुळे उलटंही होतं, दोन्ही ब्रेक लाइट एकदम बंद. दोन्ही एकदम गेले तर बल्बाच्या मागे लागू नका, दोन बल्ब एका दिवशी सहसा जात नाहीत. आधी फ्यूज, मग हा स्विच. फ्यूजचा आकडा झाकणावर असतो, तेवढ्याचाच टाकायचा. लाल १० अँपिअर, निळा १५. उडतो म्हणून मोठा टाकणारे बहाद्दर पाहिलेत, त्यांच्या वायरी नंतर आम्हीच बदलल्या.

---

वाशिष्ठीकाठ (चिपळूण)

काका, रविवार सकाळ त्यात गेली, पण छान गेली.

दिवा निघाला. एक खुंटी हट्टाने बसली होती, हेअर ड्रायरने जरा गरम केल्यावर सुटली. आत तुम्ही म्हणालात तस्सा गाळ. तोच पिवळट, गुळगुळीत, वाळून टणक झालेला. घरातून खरवडून काढला तेव्हा वाटलं होतं की संपला. पाच वर्षं इथे आरामात बसला होता.

वायरीचा प्रयोग केला. लेक ब्रेकवर, मी मागे. वायर टेकवली आणि दिवा भक्कन लागला, बाणही विझला. ती आतून ओरडली, "आई, बाण गेला!" त्याआधी मल्टिमीटरवर साडेसहाच्या आसपास दाखवत होतं. डावे इंडिकेटर ब्रेक दाबल्यावर तांबूस होतात, तेही अंधारात पाहिलं. म्हणजे पिवळ्या काचेमागे निखारा ठेवावा तसं काहीतरी.

होल्डर घासला, नवा बल्ब आणला. (दुकानदाराने पहिला काढून दिला तो २४ चा होता! बूड वाचलं आणि परत केला, तर म्हणाला, "मॅडम, चालतो सगळ्यांना.") आता ब्रेक लाइट लागतो. पण होल्डरमागची काळी वायर हलवली की दिवा झपकतो. जरा ओढून बघितली तर प्लॅस्टिकच्या आत ती कडक लागते, वाकत नाही. हे काय आहे? घासून होणारं दिसत नाही.

---

निवृत्त_वायरमन (सातारा)

शाबास. आता शेवटचा भाग.

ती वायर आतून कुजली आहे. पाणी कनेक्टरपाशी शिरलं की तांब्याच्या बारीक तारांमधून केशाकर्षणाने आत चढत जातं. वरचं आवरण धडधाकट दिसतं आणि आत तांबं काळं-हिरवं होऊन पावडर झालेलं असतं. कडक लागते ती त्यामुळे. टोकापासून थोडं थोडं कापत मागे जा, चकचकीत लालसर तांबं दिसेपर्यंत. कधी बोटभर गेल्यावर दिसतं, कधी वीतभर. काळ्या तारेला जोड मारून उपयोग नाही, पावसाळ्यानंतर पुन्हा तेच.

चांगलं तांबं लागलं की दोन रस्ते. होल्डरच्या पट्टीला झारण (सोल्डरिंग) घेता येत असेल तर नवा वायरीचा तुकडा पट्टीला झारून घ्या आणि दुसऱ्या टोकाला जोड. झारणीचं काम तुम्ही करू नका, टीव्ही-रेडिओ दुरुस्तीवाला पाच मिनिटांत करून देईल, होल्डर त्याच्याकडे घेऊन जा. दुसरा रस्ता मला जास्त आवडतो. त्या नव्या वायरीच्या टोकाला गोल थिंबल, म्हणजे दाबून बसवायची धातूची कडी, मारा आणि जवळच्या पत्र्यावरच्या बोल्टखाली थेट आवळा. बोल्टखालचा रंग पॉलिश पेपरने काढून पत्रा चमकवा, आवळल्यावर वरून ग्रीस किंवा रंग लावा, नाहीतर तुमच्याकडच्या खाऱ्या हवेत वर्षभरात गंजेल. वायर निदान जुनीएवढी जाड हवी, टेपरेकॉर्डरच्या स्पीकरची बारीक वायर नको. एकवीस वॉटचा एक बल्ब पावणेदोन अँपिअर ओढतो, त्यात इंडिकेटर आणि रिव्हर्स धरा. पिळून वर चिकटपट्टी गुंडाळणं हा प्रकार माझ्यासमोर कोणी केला तर मी परत उघडायला लावायचो.

जुनी काळी वायर पुढे पत्र्याला जिथे बांधली आहे तो बोल्टही शोधा. डिकीच्या डाव्या भिंतीवरचं प्लॅस्टिक किंवा पुठ्ठ्याचं आवरण थोडं सोडवून हाताने चाचपडा, काळ्या वायरींचा झुबका एका बोल्टपाशी येतो. तो गंजलेला असेल तर सोडवून घासून परत आवळा.

दिवा परत बसवताना त्याच्या मागची स्पंजची किंवा रबराची कड बघा. दबून पापड झाली असेल तर पाणी तिथूनच येणार. दिव्याच्या खालच्या कडेला बारीक भोक दिसलं तर ते चिकटवून बुजवू नका, आतलं दमट पाणी बाहेर पडायला ठेवलेलं असतं. सिलिकॉनने चहूबाजूंनी लिंपून टाकलेले दिवे बघितलेत, आत मासे पाळता येतील इतकं पाणी.

---

वाशिष्ठीकाठ (चिपळूण)

थिंबलचा रस्ता घेते. वायर वीतभर कापावी लागली, मग लाल तांबं दिसलं. वायरमन म्हणून बाजारात ओळखीचे एक आजोबा आहेत, त्यांच्याकडून थिंबल दाबून घेतली, पैसे घेतले नाहीत. दिवा बसवून वायरी हलवून पाहिल्या, झपकत नाही. बाण ब्रेकवर शांत आहे.

आता एकटीने तपासायचं कसं? लेकीची शाळा सुरू झाली आहे, दर वेळी ती मिळत नाही. आणि उजवा दिवा व्यवस्थित आहे, तो तसाच ठेवू ना?

---

डिझेलप्रेमी (पुणे)

रात्री रिव्हर्स करून भिंतीजवळ लावा आणि ब्रेक दाबून आरशात बघा, दोन लाल डाग सारखे दिसले पाहिजेत. दिवसा करायचं असेल तर काठी किंवा लांब छत्री पेडल आणि सीटच्या मध्ये अडकवून सीट पुढे सरकवा. मग निवांत मागे जाऊन बघा. काढायची विसरू नका फक्त.

---

निवृत्त_वायरमन (सातारा)

छत्री चालेल. भिंतीचा उपाय रोजच्या तपासणीला पुरेसा आहे, शाळेच्या आवारातली पांढरी भिंत त्याला उत्तम. बघताना दिवे चालू ठेवून एकदा आणि बंद ठेवून एकदा, असं दोन्ही बघा, आणि नजर बाणावर ठेवा. बाण पुन्हा मिणमिणला तर बल्ब बघायचा नाही, सरळ अर्थकडे जायचं.

उजवा तसाच ठेवू नका. तोही त्याच पाण्यात होता, त्याच उंचीवर. लागतोय म्हणजे अजून लागतोय, एवढंच. तुमचा हात आता बसला आहे, तासाभरात होईल. उघडा, गाळ काढा, पट्ट्या घासा, काळी वायर वाकवून बघा. मऊ असेल तर जेली लावून बंद करा, कडक असेल तर डाव्यासारखंच. आरसीसाठी गाडी दाखवायला न्यायच्या आधी करा. नंबरप्लेटच्या दिव्याचा होल्डरही त्याच वेळी काढून बघा, तोही पाण्यात होता आणि निरीक्षकांची नजर तिकडेही जाते.